प्रकरण, फाईल आणि स्मृती : ‘श्टालनेट्स’ या जर्मन पोलीसमालिकेचा इतिहासपाठ

१

१४ मार्च १९५८ रोजी पश्चिम जर्मनीच्या दूरचित्रवाणीवर ‘श्टालनेट्स’ या मालिकेचा पहिला भाग प्रक्षेपित झाला. दिग्दर्शक युर्गेन रोलांड आणि संहितालेखक वोल्फगांग मेंगे या दोघांच्या नावाशी ही मालिका कायमची जोडली गेली. १९६८ पर्यंतच्या दहा वर्षांत तिचे केवळ २२ भाग निघाले. आठवड्याला एक भाग देणाऱ्या आजच्या मालिकांच्या मानाने ही संख्या नगण्य वाटेल; परंतु युद्धोत्तर जर्मन समाजात पोलीस या संस्थेची जी कथात्म प्रतिमा रूढ झाली, तिचा पाया या २२ भागांनी घातला. ‘टाटओर्ट’, ‘डेर कोमिसार’, ‘डेरिक’ या पुढील काळातल्या मालिकांचे संकेत येथेच प्रथम घडले किंवा येथल्या संकेतांना छेद देऊन सिद्ध झाले.

प्रत्येक भागाच्या आरंभी एक ग्वाही दिली जात असे. दाखवले जाणारे प्रकरण खरे आहे, ते गुन्हे-अन्वेषण पोलिसांच्या कागदपत्रांवरून रचले आहे आणि निरपराध व्यक्तींना झळ पोहोचू नये म्हणून तेवढी नावे, स्थळे व तारखा बदलल्या आहेत, असा तिचा आशय होता. वाङ्मयप्रकाराच्या दृष्टीने ही ग्वाही मोलाची आहे. ती प्रेक्षकाशी एक करार करते. या करारात सत्याचा हमीदार लेखक नसतो, पोलीसखाते असते. खरे काय, हे ज्या संस्थेने ठरवायचे, तीच संस्था कथेचा विषयही आहे. हा करार नेमका कोणत्या ऐतिहासिक क्षणी झाला आणि त्याने काय दाखवले व काय दृष्टीआड ठेवले, हा या मालिकेच्या अभ्यासातील कळीचा प्रश्न ठरतो.

२

मालिकेचा आदर्श अमेरिकन होता. जॅक वेब यांची ‘ड्रॅगनेट’ १९४९ मध्ये नभोवाणीवर आणि १९५१ पासून दूरचित्रवाणीवर आली. लॉस एंजेलिसच्या पोलीसखात्याचे सहकार्य, खऱ्या फायलींचा आधार, तपास-अधिकाऱ्याचे निर्विकार आत्मनिवेदन आणि सुरुवातीचे चार ठसठशीत स्वर ही तिची लक्षणे होत. ‘श्टालनेट्स’ने यातले बहुतेक सारे उचलले, शीर्षकसंगीतसुद्धा ‘ड्रॅगनेट’चेच घेतले. शीर्षक मात्र जसेच्या तसे आले नाही. ‘ड्रॅगनेट’ म्हणजे पाण्याचा तळ खरवडत ओढत आणायचे जाळे. कोकण किनाऱ्यावरची रापण त्याच जातीची. असे जाळे जे सापडेल ते सारे ओढून काठावर आणते. जर्मन शीर्षकाचा अर्थ केवळ ‘पोलादी जाळे’. तळ खरवडण्याची क्रिया त्यातून गळाली आणि धातूचा कणखरपणा तेवढा उरला. शीर्षकातील या बदलावर फार मोठा भार टाकणे उचित नाही. तरी मालिकेचा स्वभाव त्यात सूचित होतो, असे म्हणण्यास जागा आहे.

भागांची शीर्षके अधिक बोलकी आहेत. ‘निळी टोपी’, ‘बारावी सुरी’, ‘हिरव्या झग्यातील साक्षीदार स्त्री’, ‘कोलोनमधील बँकदरोडा’, ‘माग क्रमांक २११’, ‘फाईल क्रमांक : वेल्कर व इतर, खुनाच्या आरोपावरून’ अशी ती आहेत. वस्तू, वस्त्र, स्थळ, क्रमांक यांच्यापलीकडे ती सहसा जात नाहीत. पोलीस अधिकाऱ्याचे नाव शीर्षकात नाही आणि सर्व भागांना जोडणारा एकच नायकही नाही. निरनिराळ्या शहरांतले निरनिराळे अधिकारी प्रत्येक भागात काम करतात. चौकशी म्हणजे प्रतिभेची झेप नसून दारोदार फिरणे, याद्या तपासणे, दूरध्वनी करणे, चुकीचे धागे निष्ठेने संपवणे होय, ही जाणीव या कथनात सतत असते. शेरलॉक होम्सच्या परंपरेतील असामान्य बुद्धीच्या जागी येथे कार्यालयीन चिकाटी येते. कथनमीमांसेच्या परिभाषेत सांगायचे, तर नायकत्व व्यक्तीकडून पद्धतीकडे सरकते.

समकालीन मनोरंजनाच्या संदर्भात हा बदल ठळकपणे दिसतो. १९५९ पासून एडगर वॉलेसच्या कादंबऱ्यांवरील जर्मन चित्रपटांची लाट आली. त्यांतील गुन्हे धुक्यातल्या कल्पित लंडनमध्ये घडत. १९६२ च्या जानेवारीत फ्रान्सिस डरब्रिज यांची ‘डास हाल्सटूख’ ही मालिका लागली, तेव्हा जर्मन शहरांतले रस्ते ओस पडले आणि अशा कार्यक्रमांना ‘रस्ते झाडणारे’ हे नाव रूढ झाले. खुनी कोण हे एका विनोदी कलावंताने वर्तमानपत्रातील जाहिरातीतून आधीच फोडले, तेव्हा केवढा गहजब झाला! तिचेही स्थळ इंग्लंडच होते. गुन्ह्याचे स्वप्नरंजन इंग्रजी भूमीवर करावे, असा जणू अलिखित संकेत होता. ‘श्टालनेट्स’ने गुन्हा ओबरहाउझेन, कोलोन, बर्लिन येथे आणला. रोलांड आणि मेंगे यांनी वॉलेसपटांसाठीही काम केले आहे, हे ध्यानात घेतले म्हणजे ही दोन दालने एकाच पिढीने किती जाणीवपूर्वक वेगळी ठेवली होती, ते कळते.

३

ज्या गुन्हे-अन्वेषण पोलिसांच्या फायली मालिकेने सत्याचा आधार म्हणून स्वीकारल्या, त्या ‘क्रिपो’चा इतिहास १९५८ मध्ये अवघ्या तेरा वर्षांमागचा होता. नाझी राजवटीत आर्तुर नेबे हे क्रिपोचे प्रमुख होते. १९३९ मध्ये राइशच्या मुख्य सुरक्षा कार्यालयाची स्थापना झाली, तेव्हा क्रिपो त्याचा पाचवा विभाग बनली. म्हणजे गेस्टापोच्या शेजारी, एकाच छपराखाली आली. डिसेंबर १९३७ च्या ‘प्रतिबंधक गुन्हेनिवारण’विषयक आदेशाने तिला न्यायालयाविना माणसे छळछावणीत धाडण्याचा अधिकार दिला होता. ‘सराईत गुन्हेगार’, ‘समाजविघातक’, ‘जिप्सी’ अशा वर्गवाऱ्यांखाली हजारो माणसे त्या वाटेने गेली. १९४१ मध्ये स्वतः नेबे यांनी सोव्हिएत प्रदेशातील ‘आइनझात्सग्रुप्पे बी’ या हत्यापथकाचे नेतृत्व केले. त्या वर्षाच्या नोव्हेंबर महिन्यापर्यंत या पथकाने स्वतःच्याच अहवालांत ४५ हजारांहून अधिक हत्यांची नोंद केली होती.

हा इतिहास १९५८ मध्ये सर्वस्वी अज्ञात नव्हता. मात्र तो एका विशिष्ट कथनात आधीच बसवला गेला होता. १९४९-५० मध्ये ‘डेर श्पीगल’ या साप्ताहिकाने नेबे आणि जर्मन क्रिपो यांच्यावर तीस भागांची लेखमाला छापली. लेखकाचे नाव दिलेले नव्हते. तो लेखक म्हणजे बर्नहार्ड वेनर. त्याच पाचव्या विभागातला माजी अधिकारी आणि एसएसचा सदस्य. पुढे १९५४ मध्ये तो ड्युसेलडॉर्फच्या क्रिपोचा प्रमुख झाला. लेखमालेच्या उपशीर्षकात बाल्झाकच्या कादंबरीची आठवण देणारे क्रिपोचे ‘वैभव आणि दैन्य’ होते. तिचा सूर असा की, क्रिपो ही मुळात तज्ज्ञांची, राजकारणाशी देणेघेणे नसलेली संघटना होती; तिला हिमलरच्या यंत्रणेने ओढून नेले; आता नव्या राज्याला गुन्हेगारी आवरायची असेल, तर याच अनुभवी माणसांना परत बोलावले पाहिजे. १९५१ च्या कायद्याने, मूळ संविधानाच्या १३१ व्या कलमाला अनुसरून, जुन्या सरकारी नोकरांची वाट मोकळी केली. त्याच वर्षी संघराज्याचे गुन्हे-अन्वेषण कार्यालय स्थापन झाले आणि त्याच्या वरिष्ठ पदांवर जुन्या पाचव्या विभागातील माणसे मोठ्या संख्येने आली. या कार्यालयातून बाहेर पडलेले अधिकारी डीटर शेंक यांनी २००१ मध्ये त्यावर पुस्तक लिहिले. खुद्द कार्यालयाने करवून घेतलेला इतिहास २०११ मध्ये प्रसिद्ध झाला.

हे कथन केवळ पत्रकारितेपुरते राहिले नाही. ७ जानेवारी १९५६ रोजी संघराज्याच्या सर्वोच्च दिवाणी-फौजदारी न्यायालयाने असा निर्णय दिला की, १९४३ पूर्वी सिंती व रोमा लोकांवर झालेली कारवाई वांशिक छळ नसून पोलिसी स्वरूपाचा गुन्हेप्रतिबंध होती. म्हणून तिच्याबद्दल भरपाई देय नाही. ‘पोलिसी’ हे विशेषण येथे निर्दोषत्वाचा दाखला म्हणून वापरले गेले. या भूमिकेत न्यायालयाने १९६३ मध्ये बदल केला. जी शब्दकळा १९५६ मध्ये न्यायालयात ग्राह्य ठरली, तीच दोन वर्षांनी दूरचित्रवाणीच्या पडद्यावर सत्याची हमी देऊ लागली, ही घटना साहित्याच्या इतिहासकाराला नजरेआड करता येत नाही.

४

१९५८ हे वर्ष आणखी एका कारणाने निर्णायक आहे. पहिल्या भागानंतर सहा आठवड्यांनी, २८ एप्रिल रोजी, उल्म येथे लिथुआनियाच्या सीमेवरील ज्यूंच्या हत्याकांडाचा खटला उभा राहिला. दहा आरोपींतील प्रमुख नाव मेमेलच्या माजी पोलीसप्रमुखाचे होते. त्या खटल्याने हादरलेल्या शासनाने डिसेंबरमध्ये लुडविग्सबुर्ग येथे नाझी गुन्ह्यांच्या चौकशीचे केंद्रीय कार्यालय उघडले. म्हणजे ज्या वर्षी पोलीस हा दूरचित्रवाणीवर सत्यशोधक म्हणून प्रस्थापित होत होता, त्याच वर्षी तो न्यायालयात आरोपी म्हणून उभा होता.

गेओर्ग हॉइझर यांचे उदाहरण याहून तीव्र आहे. तरुण क्रिपो अधिकारी या नात्याने ते १९४१ मध्ये बर्लिनच्या उपनगरी रेल्वेत स्त्रियांचे खून करणाऱ्या पाउल ओगोर्झो याच्या तपासात सहभागी होते. त्यानंतर त्यांची रवानगी मिन्स्कला झाली आणि तेथे सामूहिक हत्यांत त्यांनी प्रत्यक्ष भाग घेतला. युद्धानंतर ते पुन्हा पोलिसात शिरले आणि १९५८ मध्ये ऱ्हाइनलँड-फाल्ट्स प्रांताच्या गुन्हे-अन्वेषण कार्यालयाचे प्रमुख झाले. १९५९ मध्ये त्यांना अटक झाली. १९६३ मध्ये कोब्लेंत्सच्या न्यायालयाने १५ वर्षांची शिक्षा सुनावली. ‘श्टालनेट्स’च्या रचनेला हवा असलेला सारा मालमसाला या चरित्रात आहे : चिकाटीचा तपास, पकडलेला खुनी, कार्यक्षम अधिकारी. परंतु अधिकारी आणि खुनी ही दोन पदे येथे एकाच माणसात येतात आणि मालिकेचा आकृतिबंध नेमका हाच संयोग पेलू शकत नाही.

याची मीमांसा व्यक्तींच्या हेतूंपेक्षा रूपाच्या अंगाने करणे अधिक फलदायी आहे. त्स्वेतान तोदोरोव यांनी १९६६ मधील प्रसिद्ध वर्गीकरणात रहस्यकथेतील दोन कथा वेगळ्या केल्या : गुन्ह्याची कथा आणि तपासाची कथा. पहिली घडून गेलेली असते, म्हणून ती पृष्ठावर अनुपस्थित असते; दुसरी उपस्थित असते, पण तिचे काम पहिलीपर्यंत पोहोचवण्याचे. या विभागणीचा एक परिणाम असा की, भूतकाळ हा गुन्हेगाराच्या वाट्याला येतो आणि वर्तमानकाळ पोलिसाच्या. संशयिताला विचारले जाते, ‘त्या रात्री कुठे होता?’ विचारणाऱ्याला हा प्रश्न कोणी विचारत नाही. त्याने विचारावा हीच त्या रूपाची पूर्वअट असते. १९४५ नंतरच्या जर्मनीत ‘त्या काळी कुठे होता?’ हा प्रश्न घराघरात दबलेला होता. पोलीसमालिकेने तो प्रश्न मोठ्याने उच्चारण्याची सोय करून दिली. मात्र त्याची दिशा ठरवून दिली आणि त्याची मुदतही आखली. कालच्या मंगळवारपर्यंत तो मागे जाई. १९४१ पर्यंत क्वचितच.

आंद्रे योलेस यांच्या १९३० च्या ‘साधे आकारबंध’ या ग्रंथातील ‘काझुस’ किंवा ‘प्रकरण’ ही संकल्पनाही येथे उपयोगी पडते. योलेस यांच्या मते प्रकरण म्हणजे नियमाचे उदाहरण नव्हे. प्रकरणात एक मूल्य दुसऱ्या मूल्यावर तोलले जाते. तराजूची दांडी हलत राहते आणि निर्णयाची जबाबदारी ऐकणाऱ्यावर येऊन पडते. (स्वतः योलेस १९३३ मध्ये नाझी पक्षात दाखल झाले, ही नोंद या विषयाच्या संदर्भात अप्रस्तुत नाही.) ‘श्टालनेट्स’ स्वतःला प्रकरणांची मालिका म्हणवते, पण तिच्यात प्रकरणाची फाईल झालेली आहे. फाईल तोलत नाही. ती बंद करता येते. गुन्हेगार सापडला, शिक्षा झाली, निवेदकाने शेवटची ओळ उच्चारली की प्रेक्षकावर काहीही उरत नाही. त्याच १९५८ मध्ये स्विस लेखक फ्रीडरिश ड्युरेनमाट यांनी ‘डास फरश्प्रेखेन’ या कादंबरीत रहस्यकथेचे मृत्युगीत लिहिले. तिच्यातील तपास-अधिकाऱ्याचा तर्क अचूक असूनही निव्वळ योगायोगाने निष्फळ होतो आणि माणूस उद्ध्वस्त होतो. ज्या चित्रपटासाठी ड्युरेनमाट यांनी हे कथानक आधी रचले, त्यात गुन्हेगार रीतसर सापडतो. त्या सोडवणुकीने समाधान न झाल्यामुळेच कादंबरी लिहिली गेली. बंद झालेली फाईल पुन्हा प्रकरणात रूपांतरित करण्याचा तो प्रयत्न होता.

५

एवढ्यावरून ‘श्टालनेट्स’ला विस्मरणाचे साधन म्हणून निकालात काढणे एकांगी ठरेल. मालिकेच्या बाजूने दोन गोष्टी नोंदवणे अगत्याचे आहे. पहिली गोष्ट पोलिसाच्या प्रतिमेविषयी. ज्या समाजाने बारा वर्षे दारावरच्या थापेची धास्ती घेतली होती, त्याला या मालिकेने एक निराळा पोलीस दाखवला : साध्या कोटातला, थकलेला, नागरिकाकडून उत्तर मिळवण्यासाठी शिष्टाचाराने बोलणारा. ब्रिटिश अमलाखाली बीबीसीच्या धर्तीवर उभारलेल्या वायव्य जर्मन नभोवाणीच्या वारशात हे लोकशिक्षण बसणारे होते. रोलांड यांचा १९५३ पासूनचा ‘डेर पोलित्सायबेरिश्ट मेल्डेट’ हा पूर्वीचा कार्यक्रम तर नागरिकांना फसवणुकीच्या तऱ्हा समजावून सांगण्याच्या उद्देशाने निघाला होता. पोलिसांवरचा विश्वास ही लोकशाहीची गरज असते. तो खोट्या पायावर उभा राहिला, तरी त्या गरजेचे खरेपण कमी होत नाही.

दुसरी गोष्ट मेंगे यांच्या लेखनाविषयी. त्यांच्या संहितांतील दुय्यम पात्रे, म्हणजे घरमालकिणी, दुकानदार, रेल्वेस्थानकावर रेंगाळणारी पोरे, ही आर्थिक चमत्काराच्या काळातील समाजाची बारकाईने टिपलेली रूपे आहेत. हेच मेंगे १९७० मध्ये ‘डास मिलिओनेनश्पील’ हा माणसाच्या शिकारीचा खेळ करणाऱ्या दूरचित्रवाणीवरचा उपरोधपट आणि १९७३ पासून ‘आइन हेर्त्स उंड आइने झेले’ ही गाजलेली विनोदी मालिका लिहितात. या दुसऱ्या मालिकेतील कुटुंबप्रमुख आल्फ्रेड टेट्सलाफ जुन्या राजवटीचे सारे पूर्वग्रह जेवणाच्या टेबलावर मोठमोठ्याने मांडतो. पोलीसमालिकेच्या रूपाने जे उच्चारू दिले नाही, ते विनोदी मालिकेच्या रूपाने उच्चारू दिले. लेखक एकच असताना रूप बदलताच स्मृतीची मर्यादा बदलते, याचे याहून चांगले उदाहरण मिळणे कठीण.

सीमेपलीकडचे प्रतिबिंबही उद्बोधक आहे. पूर्व जर्मनीने १९५९ मध्ये गुंटर प्रोडेल यांनी लिहिलेली ‘ब्लाउलिश्ट’ ही मालिका ‘श्टालनेट्स’ला उत्तर म्हणून सुरू केली. तिच्यात गुन्ह्याचे मूळ बहुधा पश्चिमेकडून येई. १९६१ मध्ये भिंत उभी राहिल्यावर ही कारणमीमांसा उत्तरोत्तर अवघड झाली. १९७१ च्या ‘पोलित्सायरूफ ११०’मध्ये समाजवादी समाजातल्या दारूबाजी, कौटुंबिक हिंसा अशा व्याधींना जागा द्यावी लागली. भूतकाळाबाबत मात्र पूर्व जर्मनीचे कथनही तितकेच सोयीचे होते : फॅसिझमचे वारस पलीकडे राहतात, असे ते मानून चालत असे.

६

१९६८ मध्ये ‘श्टालनेट्स’ थांबली आणि ३ जानेवारी १९६९ रोजी दुसऱ्या वाहिनीवर ‘डेर कोमिसार’ सुरू झाली. शीर्षकात अधिकारी आला. हर्बर्ट रायनेकर यांनी तिचे सर्व ९७ भाग एकट्याने लिहिले आणि त्यानंतर १९७४ ते १९९८ या काळातले ‘डेरिक’चे २८१ भागही. खरेपणाची ग्वाही गेली. तिच्या जागी म्युनिकच्या सधन वस्त्यांतून फिरणारा, खिन्न, पितृतुल्य अधिकारी आला. फायलीने जी हमी दिली होती, ती आता चेहरा देऊ लागला. गुन्हा म्हणजे नैतिक ऱ्हास आणि पोलीस म्हणजे त्यावर दुःखाने पाहणारी सदसद्विवेकबुद्धी, असे समीकरण तयार झाले. जगातल्या शंभराहून अधिक देशांत ही मालिका दाखवली गेली आणि सभ्य जर्मन माणसाची प्रतिमा म्हणून डेरिक ओळखला जाऊ लागला.

रायनेकर हे युद्धकाळात वाफन-एसएसचे युद्धवार्ताहर होते. १९४४ च्या ‘युंगे आडलर’ या तरुणांसाठीच्या प्रचारपटाची पटकथा त्यांनी दिग्दर्शक आल्फ्रेड वायडेनमान यांच्यासह लिहिली होती आणि याच वायडेनमान यांनी पुढे ‘डेरिक’चे अनेक भाग दिग्दर्शित केले. एप्रिल २०१३ मध्ये समाजशास्त्रज्ञ यर्ग बेकर यांच्या संशोधनातून उघड झाले की, डेरिकची भूमिका करणारे, २००८ मध्ये निवर्तलेले होर्स्ट टापर्ट हेही वाफन-एसएसमध्ये होते. वाहिनीने पुनःप्रक्षेपण थांबवले. जो विश्वास चेहऱ्यावर ठेवला होता, तो त्या चेहऱ्याच्या चरित्रासरशी कोसळला.

या निर्णयाचे नैतिक मूल्य काहीही असो, समीक्षेच्या दृष्टीने तो अपुरा आहे. नटाचा किंवा लेखकाचा भूतकाळ समजल्याने संहितेतले मौन स्पष्ट होत नाही. फार तर ते कोणाचे होते एवढे कळते. एसएसशी संबंध नसलेल्या माणसांनी रचलेल्या ‘श्टालनेट्स’मध्येही तेच मौन होते, कारण ते रूपाच्या घडणीत होते : पोलिसांची फाईल हाच सत्याचा अंतिम पुरावा मानण्यात आणि चौकशी करणाऱ्याला इतिहासातून सूट देण्यात. उल्म आणि कोब्लेंत्स येथल्या खटल्यांचे दस्तऐवज आता अभ्यासकांना उपलब्ध आहेत. ‘श्टालनेट्स’च्या संहिता त्यांच्या शेजारी ठेवून वाचल्या, तर एकाच काळाच्या, एकाच खात्याच्या आणि पुष्कळदा एकाच पिढीच्या दोन फायली समोर येतात. पहिलीत नावे व तारखा निरपराधांच्या रक्षणासाठी बदललेल्या आहेत. दुसरीत त्या जशाच्या तशा आहेत. युद्धोत्तर जर्मन वास्तववादाचा कोणताही इतिहास यांपैकी एकीवरच लिहिला गेला, तर तो अपुरा राहील.